वसुली दाखल्यानंतर लढाई हिशेबाची

वाचकाचे पत्र : माझ्या वडिलांनी २०१७ साली इचलकरंजीतील एका नागरी सहकारी बँकेकडून यंत्रमाग घेण्यासाठी १५ लाख रुपयांचे मुदत कर्ज घेतले. त्यासाठी राहते घर गहाण आहे आणि माझे मामा जामीनदार आहेत. ते जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षक आहेत. २०२० नंतर धंदा बसला आणि हप्ते थकले. २०२२ मध्ये बँकेने हप्त्यांची फेरमांडणी म्हणून वडिलांच्या काही कागदांवर सह्या घेतल्या. त्या वेळी मामांना बोलावले नव्हते. त्यानंतर वसुलीला येणाऱ्या कर्मचाऱ्याकडे आम्ही वेळोवेळी रोख रकमा दिल्या. काहींच्या पावत्या आहेत, काहींच्या नाहीत. सहकार खात्याच्या सहायक निबंधकांकडून सुनावणीची नोटीस आली तेव्हा वडील गेले नाहीत, कारण हजर राहिले की कर्ज कबूल केल्यासारखे होते, असे त्यांना कोणीतरी सांगितले होते. पाच आठवड्यांपूर्वी २३ लाख ४० हजार रुपयांचा वसुली दाखला हाती आला आणि आता वसुली अधिकाऱ्याची मागणी नोटीस आली आहे. मामांच्या शाळेतही पगार कपातीचे पत्र गेले आहे. दिवाणी न्यायालयात दावा लावून स्थगिती घ्या, मग दहा वर्षे काही होत नाही, असा सल्ला एक नातेवाईक देतात. दुसरीकडे बँकेचे अधिकारी तोंडी सांगतात की १७ लाखांत मिटवू. आम्ही काय करावे?

उत्तर : आपल्या पत्रातील सर्वांत महत्त्वाची गोष्ट आपण ओघात लिहून गेला आहात, ती म्हणजे दाखला मिळून पाच आठवडे झाले आहेत. या दाखल्याविरुद्ध दाद मागण्याची मुदत तो कळविल्यापासून दोन महिन्यांची आहे, त्यामुळे आपल्या हाती तीन आठवडे उरले आहेत आणि पुढचे सारे त्यांतच ठरवायचे आहे. उशीर माफ करून घेण्याची सोय कायद्यात आहे, पण ज्याने सुनावणीची नोटीस मिळूनही हजर राहण्याचे टाळले, त्याने त्या सोयीवर विसंबू नये असे मला कळकळीने सांगावेसे वाटते.

प्रथम नातेवाइकांच्या सल्ल्याविषयी. दिवाणी न्यायालयात दावा लावू नका. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० च्या कलम १६३ ने ज्या बाबी निबंधकाकडे किंवा सहकार न्यायालयाकडे सोपविल्या आहेत, त्या ऐकण्याचा अधिकार दिवाणी न्यायालयाला ठेवलेला नाही. बँकेचा वकील पहिल्याच तारखेला हा मुद्दा घेईल आणि दावा फेटाळला जाईपर्यंत आपली दोन महिन्यांची मुदत निघून गेलेली असेल. दहा वर्षे काही होत नाही, हे सांगणाऱ्याने आणखी एक गोष्ट लक्षात घ्यायला हवी होती. दाखल्यातील रकमेवर पुढील व्याज चालूच राहते. दाव्यात गेलेल्या प्रत्येक वर्षाचे व्याज अखेरीस त्याच घराच्या किमतीतून जाते, आणि ज्या कुटुंबाला घर विकूनही थोडे हाती उरले असते, त्याच्या हाती काहीच उरत नाही. केवळ वेळ काढण्यासाठी केलेला दावा हा कर्जदाराच्या हिताचा नसतो, हे माझे ठाम मत आहे.

आता हा दाखला म्हणजे नेमके काय, ते समजून घ्यावे. सहकारी बँकेला थकबाकी वसूल करण्यासाठी साधारणपणे तीन वाटा उपलब्ध असतात. पहिली कलम ९१ खाली सहकार न्यायालयात विवाद दाखल करण्याची. तेथे कैफियत, पुरावा, उलटतपासणी असे सारे टप्पे असतात आणि निकालाविरुद्ध दोन महिन्यांत सहकार अपील न्यायालयात जाता येते. दुसरी वाट कलम १०१ ची, जी आपल्या प्रकरणात बँकेने निवडली आहे. येथे निबंधक कार्यालय संक्षिप्त चौकशी करून दाखला देते, तो थकबाकीचा निर्णायक पुरावा मानला जातो आणि रक्कम जमीन महसुलाच्या थकबाकीप्रमाणे वसूल होऊ शकते. कागदपत्रे व्यवस्थित असलेल्या बँका बहुधा याच मार्गाने जातात, कारण तो जलद आहे. तिसरी वाट केंद्राच्या २००२ च्या सरफेसी कायद्याची, म्हणजे न्यायालयात न जाता गहाण मालमत्ता ताब्यात घेऊन विकण्याची. सहकारी बँकांना तो वापरता येतो की नाही यावर अनेक वर्षे वाद चालला आणि कागल तालुक्यातील मुरगूडच्या एका सहकारी बँकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने ५ मे २०२० रोजी तो वापरता येतो असा निर्णय दिला. आपल्याला अद्याप त्या कायद्याची ६० दिवसांची नोटीस आलेली नाही, पण घर गहाण असल्यामुळे ती येऊ शकते. आली तर तिच्यातील मुद्द्यांना लेखी हरकत घ्यावी, कारण हरकत फेटाळायची असल्यास बँकेला १५ दिवसांत कारणे कळवावी लागतात. पुढे बँकेने ताबा घेण्याचे पाऊल उचलले तर ४५ दिवसांत कर्जवसुली न्यायाधिकरणात अर्ज करावा लागतो.

वसुली दाखल्याला आव्हान देण्याचा मार्ग म्हणजे सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम १५४ खालील पुनरीक्षण अर्ज, ज्याला कार्यालयात सर्वजण रिव्हिजन म्हणतात. सहायक निबंधकांच्या दाखल्याविरुद्ध हा अर्ज आपल्या भागात कोल्हापूरच्या विभागीय सहनिबंधकांकडे जातो. येथे एक कठोर अट आहे आणि ती लपवून आपल्याला आशा दाखविणे योग्य होणार नाही. कलम १०१ च्या दाखल्याविरुद्धचा अर्ज वसूल करावयाच्या रकमेच्या ५० टक्के भरल्याशिवाय दाखल करून घेतला जात नाही. आपल्या बाबतीत ही रक्कम ११ लाख ७० हजार होते. पैसे भरून अर्ज दाखल झाला म्हणून वसुली आपोआप थांबत नाही, स्थगितीसाठी वेगळा अर्ज करून तो मंजूर करून घ्यावा लागतो. ही अट चुकवून थेट उच्च न्यायालयात रिट याचिका करण्याचा मोह अनेकांना होतो. ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच सुरू झाल्याने ते अंतरही कमी झाले आहे. परंतु कायद्याने दिलेली दाद शिल्लक असताना थेट का आलात, हा प्रश्न तेथे विचारला जाईलच. नोटीस मुळीच बजावली गेली नसती किंवा निबंधकाला अधिकारच नसता, तर त्या प्रश्नाला उत्तर होते. आपल्याकडे नोटीस आली होती.

अधिकाराचा मुद्दा मात्र एकदा तपासून घ्यावा, त्याला दहा मिनिटे लागतील. कर्जमंजुरीच्या पत्रावर बँकेची नोंदणी पाहा. बँक बहुराज्यीय असेल तर तिला राज्याचा १९६० चा कायदा लागू होत नाही, तिच्या वादांसाठी २००२ च्या बहुराज्यीय कायद्याच्या कलम ८४ प्रमाणे लवादाची व्यवस्था आहे, आणि मग राज्याच्या निबंधकाने दिलेला दाखला मुळापासूनच प्रश्नांकित होतो. आपल्या भागात बँकांच्या शाखा कर्नाटकाच्या हद्दीतही असतात, म्हणून हे विचारले.

यानंतर मुख्य गोष्ट. साडेअकरा लाखांहून अधिक रक्कम भरून अर्ज करावा की नाही, हे वडिलांच्या अडचणींवर ठरणार नाही. धंदा बसला, सुताचे भाव वाढले, घरात आजारपण आले, हे सारे खरे असेल आणि मला त्याची जाणीव आहे, पण पुनरीक्षण ऐकणारा अधिकारी या कारणांनी दाखला रद्द करू शकत नाही. तो दोनच गोष्टी पाहील, रक्कम बरोबर आहे का आणि चौकशी रीतसर झाली का. म्हणून सर्वांत आधी हिशेब हाती घ्यावा, आणि तो बँकेच्या तोंडी आकड्यावरून घेऊ नये. सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम ३२ प्रमाणे सभासदाला संस्थेच्या दप्तरातील स्वतःच्या व्यवहारांच्या नोंदी पाहण्याचा व फी भरून नकला घेण्याचा हक्क आहे. वडिलांनी आजच लेखी अर्ज करून कर्जखात्याचा पहिल्या दिवसापासूनचा उतारा, मंजुरीपत्र, गहाणखत, जामीनपत्र आणि २०२२ साली सह्या घेतलेल्या प्रत्येक कागदाची प्रत मागावी व अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर पोच घ्यावी. सहायक निबंधकांच्या कार्यालयातून दाखल्याच्या संपूर्ण फाइलच्या नकलाही मागाव्यात, कारण बँकेने तेथे कोणता उतारा जोडला आणि तो आपल्याला मिळालेल्या उताऱ्याशी जुळतो का, हे त्यातूनच कळेल.

उतारा आला की तो ओळीओळीने वाचावा. शक्य असल्यास बँकेतून निवृत्त झालेल्या एखाद्या विश्वासू माणसाला किंवा सनदी लेखापालाला सोबत घ्यावे, वकिलाच्या आधी या माणसाची गरज आहे. मंजुरीपत्रात व्याजाचा दर किती होता, तो पुढे वाढविला असेल तर कोणत्या तारखेपासून आणि वडिलांना कळवून की न कळवता, हे पाहावे. दंडव्याज कोणत्या रकमेवर लावले ते पाहावे, थकलेल्या हप्त्यावर की संपूर्ण येणे बाकीवर. रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकाने बँकांना, नागरी सहकारी बँकांसह, दंड व्याजदराच्या रूपाने लावण्यास मनाई केली आहे. दंड लावायचा असल्यास तो वेगळे शुल्क म्हणून लावावा आणि त्या शुल्कावर पुन्हा व्याज चढवू नये, असा हा नियम आहे. जुन्या कर्जांनाही ३० जून २०२४ पर्यंत ही पद्धत लागू करावयाची होती. त्यानंतरच्या काळात आपल्या उताऱ्यात दंडव्याज मुद्दलात मिसळलेले दिसले तर तो मुद्दा नेमका आणि आकड्यांत मांडता येईल. विमा, मूल्यांकन, वसुली खर्च अशा नावांनी खात्यावर टाकलेल्या रकमांसाठी व्हाउचर मागण्यातही काही गैर नाही.

वसुली कर्मचाऱ्याकडे दिलेल्या रोख रकमा हा आपल्या पत्रातील सर्वांत दुखरा भाग आहे. ज्यांच्या पावत्या आहेत त्या तारखेनिशी उताऱ्याशी ताडून पाहाव्यात. पावती असूनही जमा नसेल तर बँकेच्या मुख्य कार्यकारी अधिकाऱ्याकडे पावतीच्या प्रतीसह लेखी तक्रार करावी, कारण आपल्या कर्मचाऱ्याने बँकेच्या पावतीपुस्तकावर घेतलेल्या पैशाची जबाबदारी बँकेला झटकता येणार नाही. पावती नसलेल्या रकमांविषयी मी खोटा दिलासा देणार नाही. त्या दिवसांत वडिलांच्या बचत खात्यातून तेवढीच रक्कम काढल्याची नोंद असेल, कर्मचाऱ्याशी झालेले मोबाइल संदेश असतील, तर ते आधार म्हणून जोडावेत. नुसत्या सांगण्यावर त्या वजा होणार नाहीत. यापुढे एक रुपयाही रोखीने, पावतीशिवाय देऊ नये. जे द्याल ते धनादेशाने किंवा थेट कर्जखात्यावर भरावे आणि सोबतच्या पत्रात ते मुद्दलात जमा करावे की व्याजात, हे लिहावे. भारतीय करार अधिनियमाचे कलम ५९ असे आहे की ऋणकोने कोणत्या देण्यासाठी रक्कम देत आहे हे सांगून दिली आणि धनकोने ती स्वीकारली, तर ती त्याच देण्यात धरावी लागते. बँकेच्या कर्जपत्रात आधी व्याज वळते करण्याची अट असू शकते, तरीही आपले म्हणणे कागदावर असावे.

या तपासणीतून दाखल्याची रक्कम तीन-चार लाखांनी चुकल्याचे सज्जड पुराव्यानिशी दिसले, तर अर्धी रक्कम उभी करून पुनरीक्षणात जावे आणि फेरचौकशी मागावी. भरलेले पैसे वाया जात नाहीत, अखेरीस ते त्याच कर्जात वळते होण्यासाठी आहेत. फरक केवळ काही हजारांचा निघाला, तर तेच पैसे तडजोडीत वापरणे अधिक शहाणपणाचे. हा निर्णय उतारा पाहिल्याशिवाय आपल्या वकिलानेही देऊ नये.

दरम्यान वसुली अधिकाऱ्याची कारवाई पुढे सरकत राहील. ती सहकारी संस्था नियम, १९६१ च्या नियम १०७ प्रमाणे चालते. मागणी नोटीस, मग स्थावराची जप्ती, मग लिलावाची जाहीर नोटीस आणि तिच्यानंतर किमान ३० दिवसांनी लिलाव, असा तिचा क्रम आहे. मागणी नोटिशीला उत्तर द्यावे आणि त्यात हिशेबाविषयीच्या हरकती व न जमा झालेल्या पावत्या नमूद कराव्यात. घराची हातची किंमत, जिला कार्यालयात अपसेट प्राइस म्हणतात, ती कोणत्या मूल्यांकनावर ठरते याकडे विशेष लक्ष द्यावे. मूल्यांकन जुने किंवा फार कमी असेल तर लिलावाआधीच शासनमान्य मूल्यांककाचा अहवाल देऊन हरकत घ्यावी, लिलावानंतर तक्रार करणे फार अवघड जाते. तरीही लिलाव झालाच, तर तारखेपासून ३० दिवसांत थकबाकी, व्याज व खर्च आणि त्याशिवाय खरेदीदारासाठी खरेदी किमतीच्या ५ टक्के भरून लिलाव रद्द करून घेता येतो. महत्त्वाची अनियमितता, चूक किंवा लबाडी झाली असेल तर त्या कारणावरही ३० दिवसांतच अर्ज करावा लागतो. घर वडिलांच्या एकट्याच्या नावावर नसून त्यात काका किंवा आजी यांचा हिस्सा असेल आणि त्यांनी गहाणखतावर सही केली नसेल, तर त्यांनी स्वतःच्या नावाने जप्तीला हरकत घ्यावी. यंत्रमाग बँकेकडे नजरगहाण, म्हणजे ताबा आपल्याकडेच ठेवून तारण दिलेले असतील, तर ते बँकेच्या लेखी संमतीशिवाय कोणत्याही परिस्थितीत विकू नयेत. बिकट प्रसंगी अनेकांनी हे केले आहे आणि त्यातून साध्या थकबाकीच्या प्रकरणाला फौजदारी वळण लागले आहे.

आता १७ लाखांविषयी. तोंडी बोललेला आकडा हा आकडा नव्हे. सर्वोच्च न्यायालयाने उत्तर प्रदेशातील बिजनौर अर्बन को-ऑपरेटिव्ह बँकेच्या प्रकरणात डिसेंबर २०२१ मध्ये स्पष्ट केले की एकरकमी परतफेड हा कर्जदाराचा हक्क नाही आणि न्यायालय बँकेला ती देण्याचा हुकूम करू शकत नाही. म्हणजे ही सवलत बँकेच्या संचालक मंडळाच्या मर्जीची आणि योजनेच्या अटींची गोष्ट आहे. पण ती द्यायला बँकेलाही कारण असते. रिझर्व्ह बँकेने जून २०२३ मध्ये तडजोडीसाठी जी चौकट घालून दिली, ती नागरी सहकारी बँकांनाही लागू आहे, आणि थकीत खाते मिटणे बँकेच्या ताळेबंदालाही हवे असते. म्हणून वडिलांनी स्वतःहून लेखी प्रस्ताव द्यावा. त्यात एकूण रक्कम, पैसे कोठून येणार, किती दिवसांत येणार हे लिहावे आणि प्रामाणिकपणा दिसावा म्हणून शक्य ती रक्कम प्रस्तावासोबत भरावी. प्रस्ताव देताना पुनरीक्षणाची मुदत निसटू देऊ नये, बोलणी चालू आहेत म्हणून मुदत थांबत नाही. मंजुरीचे पत्र बँकेच्या शिक्क्यानिशी हाती येईपर्यंत घर विकण्याचा करार करू नये. त्या पत्रात अंतिम रक्कम, हप्त्यांच्या तारखा, एखादा हप्ता दोन दिवस चुकला तर काय, जामीनदाराची मुक्तता, वसुली दाखल्याची कारवाई मागे घेणे आणि मिळकत पत्रिकेवरील बोजा उतरविणे, या सर्वांचा उल्लेख असला पाहिजे. शक्य असल्यास ही तडजोड राष्ट्रीय लोकअदालतीत नोंदवून घ्यावी. तेथील निवाडा दिवाणी हुकूमनाम्यासारखा बंधनकारक असतो आणि नंतर कोणालाही शब्द फिरवता येत नाही. पूर्ण फेड झाल्यावर घराचे मूळ कागद बँकेने ३० दिवसांत परत द्यावेत आणि बँकेमुळे उशीर झाल्यास दर दिवशी ५,००० रुपये द्यावेत, असा रिझर्व्ह बँकेचा नियम आहे.

इचलकरंजीसारख्या गावात कर्ज बुडवून देतो, दाखला रद्द करून देतो असे सांगणारे मध्यस्थ थकबाकीदारांच्या दारी येतात. त्यांना एक पैसाही देऊ नये. वकिलाची फी परवडत नसेल तर तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करता येतो.

शेवटी मामांविषयी, ज्यांची आपल्याला सर्वांत अधिक काळजी वाटते असे पत्रावरून दिसते. जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराइतकीच असते, बँकेने आधी वडिलांचे घर विकावे व मग माझ्याकडे यावे असे मामा म्हणू शकत नाहीत. करार अधिनियमाचे कलम १२८ याबाबतीत स्पष्ट आहे. परंतु २०२२ ची फेरमांडणी त्यांच्या सहीशिवाय झाली असेल तर कलम १३३ त्यांच्या बाजूने उभे राहू शकते, कारण जामीनदाराच्या संमतीविना मूळ कराराच्या अटी बदलल्या तर त्या बदलानंतरच्या व्यवहारांपुरता तो मुक्त होतो. बँकेने केवळ तगादा लावला नाही किंवा थोडी वाट पाहिली, एवढ्याने मात्र ही मुक्तता मिळत नाही. अनेक जामीनपत्रांत असा बदल आधीच मान्य असल्याचे कलम छापलेले असते, म्हणून मामांनी आपल्या जामीनपत्राची प्रत स्वतःच्या नावाने मागावी आणि ती स्वतंत्र वकिलाला दाखवावी. वडिलांचे आणि मामांचे हितसंबंध येथे वेगळे आहेत, दोघांचा वकील एक असू नये.

पगार कपातीबाबत शाळेला आलेले पत्र कशावर आधारलेले आहे, ते पाहावे. मामांनी पूर्वी सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम ४९ प्रमाणे पगारातून कपात करण्याचे संमतीपत्र दिले असेल तर त्यातील रकमेची मर्यादा वाचावी. संमतीपत्र नसून ही दाखल्यावरची जप्ती असेल, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ६० चा आधार घेऊन, पहिले १,००० रुपये आणि उरलेल्या पगाराचा दोन-तृतीयांश भाग जप्तीबाहेर ठेवावा असा लेखी अर्ज वसुली अधिकारी व मुख्याध्यापक या दोघांनाही द्यावा. भविष्य निर्वाह निधीला हात लावता येत नाही, तेही त्यात लिहावे. मामांकडून जी काही रक्कम जाईल तिची पावती त्यांच्याच नावाने घ्यावी आणि ती वेगळी जपून ठेवावी. जामीनदाराने देणे फेडले की बँकेचे कर्जदाराविरुद्धचे हक्क करार अधिनियमाच्या कलम १४० प्रमाणे त्याच्याकडे येतात, आणि आपल्या वडिलांकडून ते पैसे परत मिळविण्याचा त्यांचा हक्क त्या पावत्यांवरच सिद्ध होईल.